माजघरात उजेड कमी होता

डब्याचं झाकण निघेना तेव्हा काकूंनी उलथणं आणून दिलं. झाकण उचकटलं आणि वास थेट नाकात शिरला. काकू दोन पावलं मागे सरल्या. "कैरीचं पाणी आंबलं की असाच वास येतो गो," म्हणाल्या.

अगदी नेमकं सांगितलं त्यांनी. पडवीत आंब्याची आढी होती, खळ्यात आमसुलं वाळत होती, त्या सगळ्या वासांतून हा वेगळा, टोचणारा वास उठून येत होता. आमच्या कामात जुन्या फिल्मच्या या आंबण्याला व्हिनेगर सिंड्रोम म्हणतात. तो वास आला की मी आधी पंखा लावते आणि मग तारीख लिहून ठेवते, कारण त्या दिवसापासून घड्याळ उलटं चालू झालेलं असतं.

मी मुंबईत जुनं फुटेज शोधून देण्याचं काम करते. माहितीपट करणाऱ्यांना अमुक सालचं बंदर हवं असतं, तमुक सालची मिरवणूक हवी असते. ती कुठल्या संग्रहात आहे, हक्क कुणाकडे आहेत, सेकंदाच्या हिशेबाने पैसे किती पडतील, हे सगळं मी बघते. पोटापाण्याचं काम ते. पण गेली काही वर्षं मे महिन्यात सुट्टी काढून मी दापोली, गुहागर, राजापूर अशी घरोघरी फिरते आणि माळ्यावरची घरगुती रिळं मागते. अंजर्ल्याच्या या घरी मला माझ्या आत्याने पाठवलं होतं.

काकूंचे मोठे दीर मालवाहू बोटीवर वायरलेस ऑफिसर होते. एडनला त्यांनी कॅमेरा घेतला, चावी देऊन चालणारा, ८ मिलिमीटरचा. ते गेले, कॅमेरा कुणीतरी नेला, रिळं मात्र बिस्किटांच्या डब्यात राहिली. डबा तांदळाच्या पत्र्याच्या पिंपात होता, म्हणून वाचला. ३ जून २०२०ला निसर्ग वादळ आलं तेव्हा या घराचं निम्मं छप्पर गेलं, माळ्यावर पाऊस कोसळला, कागदपत्रं, पोथ्या, लग्नाचे फोटो, सगळ्याचा लगदा झाला. पिंपाचं झाकण घट्ट होतं. तरी सातातलं एक रीळ भिजलंच होतं. भिजलेलं रीळ वाळताना त्याचे वेटोळे एकमेकांना चिकटतात, कारण चित्र धरून ठेवणारा थर जिलेटिनचा असतो आणि जिलेटिन पाण्याने फुगतं. ते रीळ आता विटेसारखं झालंय. मी ते उलगडायचा प्रयत्न केला नाही. उलगडायला गेलं तर चित्र पट्टीवरून सुटून मागच्या वेटोळ्याला चिकटून निघतं. तसंच ठेवलंय, कधीतरी कुणाच्या हाताला माझ्यापेक्षा जास्त येत असेल म्हणून.

उरलेल्या सहा रिळांच्या डब्यांत मी निळ्या कागदाच्या छोट्या पट्ट्या ठेवल्या. झाकण लावून दिवसभर ठेवायच्या. पट्टी निळी राहिली तर रीळ धडधाकट, हिरवी झाली तर आंबायला लागलंय, पिवळी झाली तर हातात वेळ नाही. दुसऱ्या दिवशी चार हिरव्या होत्या. दोन पिवळ्याकडे झुकलेल्या.

असं का होतं ते काकूंना समजावून सांगितलं, इथेही सांगते. फिल्मची पट्टी असते अ‍ॅसिटेटची, म्हणजे एका प्रकारच्या प्लास्टिकची. दमट हवा आणि उष्णता मिळाली की अ‍ॅसिटेट सुटायला लागतं, त्यातून आम्ल निघतं, आणि ते आम्ल डब्यात कोंडलं की पुढची नासाडी आणखी जोरात होते. नासका आंबा आढीतल्या शेजारच्या आंब्याला लावतो, तसंच. पट्टी आखडते, वाकडी होते, ठिसूळ होते. २१ अंश तापमान आणि ५० टक्के आर्द्रता असलेल्या खोलीत नव्या फिल्मला या अवस्थेला यायला साधारण ४० वर्षं लागतात. आमच्याकडे पावसाचे चार महिने हवेत ८०-९० टक्के ओल. चामड्याच्या चपलेला बुरशी येते, मीठ पाझरतं, काड्यापेटी चुलीशेजारी ठेवावी लागते. आणि मे महिन्यात दुपारी माळ्यावर कौलांखाली उभं राहून बघा. कोकणातलं जुनं घर माणसांना उन्हापावसातून जपतं, फिल्मला मात्र त्याच्याइतकी वाईट जागा शोधून सापडायची नाही.

प्रत्येक घरात एक प्रश्न हमखास येतो. हे पेट तर घेणार नाही ना? ती भीती खोटी नाही. सिनेमाची जुनी ३५ मिलिमीटर फिल्म नायट्रेटची असायची, १९५०च्या सुमारापर्यंत. ती एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते, कारण जळायला लागणारा प्राणवायू ती स्वतःच पुरवते. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये नायट्रेट फिल्मच्या कोठारालाच आग लागली आणि जुन्या चित्रपटांची कितीतरी रिळं एका दिवसात गेली. पण घरगुती कॅमेऱ्याची ८ आणि १६ मिलिमीटरची फिल्म पहिल्यापासून सेफ्टी म्हणूनच निघाली. ती पेटून जात नाही. आंबून जाते, गुपचूप, कुणाच्या नजरेला न येता.

रीळ प्रोजेक्टरवर चढवून बघायचं नसतं, हे घरच्यांना पटवणं सर्वांत कठीण. "एकदा लावून बघूया ना" असं प्रत्येकाला वाटतं आणि मला ते कळतं. पण आखडलेल्या पट्टीची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांशी जुळत नाहीत. एक टक्का आखडली तरी फाटत जाते. म्हणून मी दोन चकत्यांच्या हाताने फिरवायच्या यंत्रावर, मागे दुधी उजेड ठेवून, भिंगातून बघते. पट्टी कडेला धरायची, हातात सुती मोजे, कुठे सांधा सुटलाय, कुठे भोक फाटलंय ते बोटांना आधी लागतं. काकूंच्या ओटीवर बसून मी हे करत होते तेव्हा शेजारची चार मुलं आणि गडी माणसं जमली. सगळ्यांना भिंगातून एकेक चौकट दाखवली. नखाएवढ्या चौकटीत लाल लुगडं, इतकं लाल की कालच नेसल्यासारखं. ही कोडॅक कंपनीच्या कोडॅक्रोम या रंगीत फिल्मची करामत. त्या काळातल्या दुसऱ्या रंगीत फिल्मा फिक्या गुलाबी होऊन जातात, कोडॅक्रोम अंधारात राहिलं तर रंग सोडत नाही. पट्टी मरणाच्या दारात आणि रंग ताजे, असं विचित्र दृश्य असतं ते.

मग साल शोधायचं. पट्टीच्या कडेला कोडॅकच्या बारीक खुणा असतात, त्रिकोण, चौकोन, वर्तुळ, अधिकचं चिन्ह. प्रत्येक वर्षाची खूण वेगळी, पण २० वर्षांनी तीच परत येते. खुणेवरून आलं १९४३ किंवा १९६३. कडेलाच ‘कोडॅक्रोम २’ असं छापलेलं होतं आणि ती फिल्म बाजारात आली १९६१ साली. म्हणजे ६३. एवढ्यावर मी थांबत नाही, कारण फिल्म विकत घेतल्यावर वर्ष-दोन वर्षं पडूनही राहते. पुढे एका चौकटीत दुकानाच्या फळीवर चहाचा भाव दिसला, नव्या पैशात. नवे पैसे आले १ एप्रिल १९५७ला आणि ‘नवे’ हा शब्द गेला १९६४च्या जूनमध्ये. त्यामुळे बहुतेक १९६३चा किंवा ६४चा मे. मला हे काम फार आवडतं. पाटीवर पिनकोड असेल तर १९७२च्या १५ ऑगस्टनंतरचं. मालवणच्या पाटीवर ‘जि. रत्नागिरी’ असेल तर सिंधुदुर्ग जिल्हा होण्याआधीचं, १९८१च्या मागचं. चित्र काढणाऱ्याने ज्याकडे कधी बघितलंही नसेल तेच पुढे साक्ष द्यायला उभं राहतं.

जागा ओळखायला तर वेळच लागला नाही. समुद्रात सुवर्णदुर्गाची तटबंदी, अलीकडे हर्णै बंदर, पाण्यात चाकं बुडेपर्यंत शिरलेल्या बैलगाड्या. लांब उभी आगबोट आणि तिच्याकडून येणारे पडाव, ट्रंका आणि वळकट्या घेतलेली माणसं. एक बाई लुगडं गुडघ्यापर्यंत धरून पाण्यातून येते, तिच्या डोक्यावर फणस. मुंबईहून गावी येताना फणस कशाला आणला असेल, यावर काकू आणि त्यांच्या सूनबाईंचा अर्धा तास वाद झाला. शेवटी ठरलं की ती येत नाहीये, कुणाला तरी पोचवायला आलेली आहे आणि फणस बोटीवर चढायचा राहिलाय.

मुंबईला आल्यावर ही रिळं वातानुकूलित खोलीत स्कॅन केली. दात्यांवर न ओढता रबरी रोलरांवरून पट्टी अलगद पुढे सरकवणारं यंत्र असतं. एकेक चौकट म्हणजे एकेक फोटो. फुटाला ८० चौकटी. त्यानंतर वेग ठरवायचा, आणि इथे मी हट्टी आहे. ही फिल्म सेकंदाला १६ चौकटींच्या वेगाने काढलेली असते. टीव्हीच्या २५च्या वेगाने लावली की माणसं तुरुतुरु धावायला लागतात. जुन्या चित्रणातली माणसं सगळी घाईत असायची असं आपल्या पिढीला वाटतं ते यामुळेच. वेग चुकला की चाल चुकते, आणि कोकणातल्या म्हाताऱ्या बायका माणूस ओळखतात तो चालीवरून. काकूंना पहिल्यांदा लॅपटॉपवर दाखवलं तेव्हा दूर पुळणीवर पाठमोरी एक आकृती जात होती, तोंड नाही, काही नाही. काकू लगेच म्हणाल्या, "ह्या आमच्या वन्सं. डावा पाय असाच टाकायच्या." २५च्या वेगात त्या वन्सं कुणालाच सापडल्या नसत्या.

आता जे मला खरं बोलायचंय त्याकडे येते.

मी जेवढी घरगुती रिळं बघितली त्यांतलं कोकण कायम मे महिन्यात असतं. चाकरमानी मे महिन्यात यायचा, कॅमेरा त्याच्याकडे असायचा. पावसात बोटी बंद, कॅमेरा भिजायची भीती, फिल्म महाग. त्यामुळे लावणी नाही, इरल्याखाली वाकलेल्या बायका नाहीत, ओढ्याला आलेलं पाणी नाही. कुणी निर्माता ‘कोकणातला साठ सालचा पाऊस’ मागतो तेव्हा माझ्याकडे द्यायला नसतो. मग तो केरळातला पाऊस विकत घेतो आणि खाली कोकण असं लिहितो. मी अशा कामातून दोनदा बाहेर पडले आहे. नारळाचं झाड दिसलं म्हणजे कोकण झालं, असं नाही चालत.

आणि दुसरी गोष्ट उजेडाची. कोडॅक्रोम २ ची गती, म्हणजे उजेड टिपायची ताकद, होती २५. आजच्या मोबाईलवर वाढलेल्या माणसाला कळणार नाही हा आकडा किती कमी आहे ते. या फिल्मला लख्ख ऊन लागायचं. ऊन असतं खळ्यात, आगरात, पुळणीवर, देवळापुढे. तिथे कोण असतं? मुलं, आलेले पाहुणे, पुरुष, टोपी घातलेले आजोबा, बैल. घरातल्या बायका दिवसभर जिथे असायच्या त्या माजघरात आणि स्वयंपाकघरात भर दुपारीसुद्धा डोळे सरावल्याशिवाय काही दिसत नाही. कॅमेऱ्याला तर काहीच दिसायचं नाही. दीर काही वाईट माणूस नव्हते, आईला मुद्दाम वगळलं असंही नाही. उजेड पुरेना. पण त्याचा परिणाम असा की सहा रिळांत, जवळजवळ २४ मिनिटांत, ज्या बाईने ते घर चालवलं ती कुठेच नाही. आंबे उतरवणारे आहेत, आंबे चोखणारे आहेत. आमरस काढणारी नाही.

माझं मूळ गाव मुर्डी, अंजर्ल्याला लागूनच. केंब्रिजला १८९९ साली गणितात सीनियर रँग्लर, म्हणजे अव्वल, आलेले र. पु. परांजपे मुर्डीचे. १९०१ मध्ये ते मुंबईला परतले तेव्हाच्या स्वागताचं चित्रण हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, म्हणजे सावेदादांनी केलं. देशातला पहिला बातमीपट म्हणून त्याचं नाव घेतात. लहानपणी हे ऐकलं तेव्हा मला वाटायचं, त्या सिनेमात आमचं गाव असणार. चौपाटीवरच्या त्या सोहळ्याची फीत आज बघायला मिळत नाही. आणि मिळाली असती तरी त्यात मुर्डी नव्हतीच. माणूस जिथे पोचला तिथे कॅमेरा होता, तो निघाला त्या ओटीवर नव्हता.

मूकपटांच्या काळात आपल्याकडे तेराशेच्या आसपास चित्रपट निघाले, त्यांतले मूठभर राहिले. पुष्कळशी रिळं चांदी काढण्यासाठी वितळवली गेली. १९३१चा ‘आलम आरा’, आपला पहिला बोलपट, त्याची प्रत नाही. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं, तिथल्या पी. के. नायरांनी फाळके कुटुंबाकडून मिळतील ते तुकडे गोळा केले, म्हणून आज फाळके पडद्यावर दिसतात तरी. गेलेल्या चित्रपटांची निदान नावं पुस्तकांत आहेत, जाहिराती आहेत. घरगुती रिळांची तर कुठे यादीही नाही. साहेबांच्या घरगुती फिल्मा, शिकारीच्या, चहापानाच्या, केंब्रिजच्या दक्षिण आशिया केंद्रात नीट जपलेल्या आहेत, त्या मी पुष्कळदा बघितल्या आहेत आणि त्या जपल्या याचं मला समाधानच आहे. पण त्यांतल्या बंगल्याच्या व्हरांड्यात ट्रे घेऊन उभ्या असलेल्या माणसाच्या घरचं काय, हे त्यांच्याकडे मागायला जाऊन कसं चालेल. ते आपल्या माळ्यावर आहे.

८ मिलिमीटरच्या त्या जुन्या रिळाची एक रीत होती. पट्टी मुळात १६ मिलिमीटर रुंद. एक बाजू २५ फूट काढून झाली की कॅमेरा उघडायचा, चकती उलटी लावायची आणि दुसरी बाजू काढायची. धुऊन झाल्यावर पट्टी मधोमध चिरून दोन्ही अर्धे एकापुढे एक जोडत. चकती उलटताना ऊन लागलं तर फिल्म जळते, म्हणून ते काम सावलीत करायचं. आणि उलटल्यावर पहिले काही फूट नुसतेच सोडून द्यायचे, बटण दाबून, आकडा शून्यावर येईपर्यंत. म्हणून अशा प्रत्येक रिळाच्या मध्यावर नारिंगी-पांढरा भडका दिसतो. धुणारे त्यातला बराचसा भाग कापून टाकत, थोडा राहून जाई.

काही वर्षांपूर्वी दाभोळच्या बाजूच्या एका कुटुंबाने आपली रिळं मुंबईतल्या एका स्टुडिओतून डीव्हीडीवर उतरवून घेतली होती. स्टुडिओने हे भडके ‘खराब भाग’ म्हणून काढले, वेग २५ केला, वर बासरी घातली. मग मूळ रिळांची आता गरज काय म्हणून घरच्यांनी ती टाकून दिली. मी पोचले तेव्हा आठवडा झाला होता. मला अजून ते आठवलं की हातपाय गळतात. म्हणून माझा नियम आहे, पहिल्या चौकटीपासून शेवटच्या चौकटीपर्यंत सगळं घ्यायचं, काळं असो की पांढरं, आणि मूळ रीळ कधीही टाकू द्यायचं नाही.

चौथ्या रिळाचा भडका मी एकेक चौकट पुढे सरकवत बघत होते. दीर सावलीसाठी कुठे गेले असतील? खळ्यातून पडवी, पडवीतून ओटी, ओटीवरून माजघर. चकती उलटून, कॅमेरा बंद करून, बटण दाबून ते उभे राहिले असणार, भिंग कुठे आहे याचा विचार न करता. नारिंगी रंग कडेने ओसरत जातो आणि मध्ये काळोख येतो. त्या काळोखात जमिनीवर उन्हाचा एक चौकोन. काचेच्या कौलातून पडलेला, वहीच्या पानाएवढा, सारवण्याची बोटं दिसावीत इतका स्पष्ट. त्या चौकोनात सुपाची कड येते, जाते, येते. मनगट, त्यावर हिरव्या काचेच्या बांगड्या. तांदूळ उडतात ते उन्हात चमकतात आणि परत काळोखात जातात. ५४ चौकटी. सेकंदाला १६ धरले तर साडेतीन सेकंदांहूनही थोडं कमी.

नोव्हेंबरात परत अंजर्ल्याला गेले, ते एवढंच दाखवायला. काकू माजघरातच बसल्या होत्या. आता तिथे वर पत्रा आहे, वादळानंतर घातलेला, काचेचं कौल राहिलं नाही. मी काही न सांगता लावलं. सूप आलं, गेलं. काकूंचा उजवा हात मांडीवर होता तो आपोआप हलायला लागला, त्याच ठेक्यात.

"सासूबाई," त्या म्हणाल्या. "त्यांचा हात असा शेवटाला झटका द्यायचा. मला कधी जमलं नाही ते. खडा बरोबर पुढे यायचा." मग उठून जमिनीवर पावलाने दाखवलं, ऊन कुठे पडायचं ते, सकाळी इथे, जेवणं झाली की इथे. दोन ठिकाणांत वीतभर अंतर. पायाकडे बघत म्हणाल्या, "म्हणजे जेवणं झालेली होती तेव्हा. बायकांची व्हायची होती."

मी नोंदवहीत लिहायला घेतलं. रीळ ४, माजघर, काचेच्या कौलाचं ऊन, सूप, उजवा हात, वेळ दुपार, बायकांची जेवणं व्हायच्या आधी. ओळखणारी व्यक्ती म्हणून काकूंचं नाव घातलं. पुढे ‘सासूबाई’ लिहिलं.

काकूंनी वही ओढून घेतली, चष्मा लावला. "सासूबाई काय लिहितेस? त्या माझ्या सासूबाई. त्यांना नाव नाही का?"

नाव सांगितलं, मी लिहिलं. मग त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. माहेरचं नाव आठवत होत्या. गाव आठवलं, केळशीच्या पलीकडचं, आडनाव आठवलं, नाव येईना. सूनबाईंना हाक मारली, त्यांना काही ठाऊक नव्हतं. शेवटी शेजारच्या आजींना फोन लावायला सांगितला. त्या ९१ वर्षांच्या, कानाने अधू. काकू फोनवर ओरडून विचारत होत्या आणि मी पेन उघडं धरून, त्या ओळीपुढे जागा सोडून बसले होते.